जपानी बाईचा खेळ, अमरावतीत दोनदा

मुक्या चित्रपटांच्या दिवसांत मी बोलण्याचा पगार घेत असे. माझ्या मुलांना हे अजून पटत नाही, म्हणून वाचकांना आधी धंदा समजावून सांगतो.

पडद्यावरची माणसे ओठ हलवीत, आवाज येत नसे. मधूनमधून काळ्या पाटीवर अक्षरे उमटत. ती वाचता येणारे लोक थिएटरात थोडे, आणि ज्यांना येत ते मोठ्याने वाचून शेजाऱ्याचे डोके उठवीत. म्हणून मालक एक माणूस ठेवी. पडद्याच्या डाव्या बाजूला उभे राहून त्याने गोष्ट सांगायची. राजाचे बोलणे राजाच्या आवाजात, दासीचे दासीच्या. भांडण असेल तर दोन्ही बाजूंनी भांडायचे. आमच्या शेठचे एक थिएटर अमरावतीला होते, दुसरे अकोल्याला. दोन्हीकडे हे काम माझ्याकडे होते. दिवसा मी अमरावतीच्या कापूस बाजारात वजने उतरवून घेई, संध्याकाळी थिएटरात उभा राही, आणि शनिवार-रविवार बदनेऱ्याला गाडी बदलून अकोल्याला जाई. शाळेत मी एक दिवस शिकवले नाही, पण दोन्ही गावांत माझे नाव मास्तर.

या कामात चित्राच्या पुढे जायचे नाही हा मोठा नियम. एकदा एका मारामारीच्या चित्रात फिल्म तुटली. आमचे यंत्र चालवणारे रहीमभाई, त्यांनी ती घाईने जोडली, पण मधला वीसपंचवीस हात तुकडा जळाला होता. मला ते कळले नाही. नायक कड्यावरून पडला, हाडांचा चुरा झाला, असे मी गळा काढून सांगत होतो, आणि पडद्यावर तो विहिरीवर अंघोळ करीत होता. खालून एकजण म्हणाला, "मास्तर, भूत अंघोळ करून राहिलं काय?" त्या दिवसापासून प्रत्येक रिळाच्या तोंडाशी मी घाबरून आधी पडदा पाही, मग बोले. लोक म्हणत, मास्तरचा आवाज भारदस्त आहे. खरे सांगायचे तर भीती वाटली की माझा आवाज जड होतो.

दुसरी भीती आगीची. त्या वेळची फिल्म कापसासारखी पेटे. कापूस निदान पाण्याने विझतो, फिल्म पाण्यातही जळत राही. शिवाय आमच्याकडचा उन्हाळा. चैत्र लागला की अकोल्यात पत्र्याचे डबे तापत, आतली फिल्म सुकून पापडासारखी होई आणि यंत्रात कडाकड तुटे. यावर रहीमभाईंनी स्वतःचा उपाय काढला होता. दोन्ही थिएटरांमागच्या खोल्यांत ओल्या वाळूत रुंद तोंडाचे रांजण पुरलेले होते. रिळे डब्यांतून काढून फडक्यात गुंडाळायची, एका रांजणात एक, वर ओले गोणपाट. रांजणावर चुन्याची खूण करायची, म्हणजे पहिले रीळ कोणते ते कळे. मुंबईचे लोक या रांजणांना हसत, पण आमची फिल्म त्यांच्यापेक्षा कमी तुटे.

आता ज्या गोष्टीसाठी लिहायला बसलो तिच्याकडे येतो. युद्धाच्या वर्षांत ती लिहिण्याची सोय नव्हती. जपानी माणसाचे नाव घरात काढले तरी आमची ही उठून खिडकी लावून घेई. युद्ध संपले आहे. तरी नावे बदलली आहेत.

वऱ्हाडचा कापूस तेव्हा मुंबईहून बोटीने जपानला जाई, आणि खरेदीसाठी जपानी कंपन्यांची माणसे दिवाळीपासून चैत्रापर्यंत अकोल्यात घर करून राहात. त्यांपैकी ओकाबे साहेब आमच्या बाजारात नेहमी येत. चाळिशीच्या आतले, बुटके, उन्हाने लाल झालेले. कापसाचा पुंजका दोन बोटांत ओढून धाग्याची लांबी सांगत. बाजारातले हिंदुस्थानी बोलत, ते आम्हाला समजे आणि आमचे त्यांना.

त्या वर्षी हंगाम संपता संपता त्यांनी आमच्या शेठला सहा रिळांचे एक जपानी चित्र आणून दिले. मुंबईच्या परवानगीचा शिक्का होता. तो मी स्वतः पाहून घेतला, कारण शेठ असल्या गोष्टी पाहात नसत. अकोल्याला शनिवारी तो खेळ लागला. मला आधी पाहायला मिळाला नाही. एवढेच कळले की चित्रात एकही अक्षर नाही.

अक्षर नाही हे ठीक, पण गोष्टही दिसेना. एक तरुण बाई, आईसमोर बसून भात खाणारी. रेशमाचे धागे काढायचा कारखाना. उकळत्या पाण्यात कोष, पाण्यात तिचे हात, मग नुसती फिरणारी चाके. चाकांवरच तिचा चेहरा, म्हणजे एकाच फिल्मवर दोनदा चित्र घेतलेले. रस्ता उलटा टांगलेला. मग बराच वेळ चेहराच, आणि त्यावरून धाग्यांच्या सावल्या सरकताहेत. शेवटी ती समुद्रात चालत जाते, पाणी तेवढे उरते. असले चित्र मी जन्मात पाहिले नव्हते. पण मी पगारी माणूस होतो. मी तिला सासुरवाशीण केली, कारखान्याच्या मालकाला दुष्ट दीर केले, उलट्या रस्त्याला तिला आलेली भोवळ केले, आणि समुद्रात ती जाते तेव्हा असे काही बोललो की बायकांच्या बाजूला पदर डोळ्यांना लागले. शेठ खूश झाले.

खेळ सुटल्यावर ओकाबे साहेब माझ्याजवळ आले. नेहमीप्रमाणे कमरेत वाकले.

"मास्टर, अच्छी कहानी. बहुत अच्छी. मगर मेरी बहन की नहीं."

पडद्यावरची ती बाई त्यांची धाकटी बहीण फुमी होती.

त्यांनी थिएटरच्या पायरीवर बसून सगळे सांगितले. जपानातही पडद्याशेजारी बोलणारा माणूस असतो. नटांपेक्षा त्याचे नाव जाहिरातीत मोठे असते. हे ऐकून मला क्षणभर बरे वाटले. फुमी आधी नाटकात होती, मग एका मोठ्या चित्रपट कंपनीत. एका खेळाला ती स्वतः प्रेक्षकांत जाऊन बसली. पडद्यावर ती आईच्या मरणाची बातमी ऐकत होती, आणि बोलणाऱ्याने तिच्या तोंडी असे काही घातले की लोक हसले. ती कंपनी सोडून आली. तिच्यासारख्याच पाचसात तरुणांबरोबर तिने हे चित्र केले. यात बोलणाऱ्याने बोलावे असे काही ठेवायचेच नाही, चेहरा आणि चाके काय सांगतील ते सांगतील, असा त्यांचा हट्ट. तिकडची थिएटरे ते लावेनात, कारण बोलणारे लोक नाराज झाले असते. आता पैसे संपले होते, आणि जुनी कंपनी तिला परत बोलावीत होती. तलवारींची चित्रे, पाच वर्षांचा करार. उत्तर पावसाळ्याच्या आत द्यायचे होते.

तिने भावाला हे एक चित्र पाठवून लिहिले होते: तू आहेस तिथे आमची भाषा, आमची घरे, आमचे कपडे कोणालाच ठाऊक नाहीत. तिथे बोलणाऱ्यावाचून दाखव. लोक शेवटपर्यंत बसले तर मी असलीच चित्रे करीन. उठून गेले तर करारावर सही करीन. जे होईल ते खरे लिही. आमच्याकडेही पडद्याशेजारी बोलणारा असतो, हे ओकाबे साहेबांना त्या शनिवारीच कळले होते.

"आप एक दिन मत बोलो," ओकाबे साहेब म्हणाले. "बस, एक दिन."

मी शेठकडे गेलो. ओकाबे साहेब अमरावतीचे थिएटर एका संध्याकाळपुरते भाड्याने घ्यायला तयार होते, तेव्हा शेठला नाही म्हणायचे कारण नव्हते. पण ते माझ्याकडे पाहून हसले.

"मास्तर, इचार करा गा. लोकं उठून गेले तं त्या बाईचं नुकसान. अन् लोकं बिनबोलता बसले, तं मी तुमाले ठेवू कायले?"

ते थट्टेने बोलले, पण मी थट्टा म्हणून ऐकले नाही. घरी हिला सांगितले तर ती म्हणाली, "अन् तुमीच त्यांची वकिली करून राहिले?" कामगिरी साधी होती: तोंड बंद ठेवायचे. पुढचे तीन दिवस मला जेवण गेले नाही. लोक बसावेत असे वाटे, आणि बसले तर काय, असेही वाटे. दोन्ही विचार खरे होते, आणि दोन्हींची बेरीज शून्य येत नव्हती.

रिळे दोन दिवस आधी अमरावतीला आली, आणि रहीमभाईंनी रिवाजाप्रमाणे रांजणांत ठेवली. ओकाबे साहेब खेळाच्या दिवशी अकोल्याहून निघाले, पण बदनेऱ्याला त्यांची गाडी चुकली. ते आत आले तेव्हा अंधार झाला होता आणि यंत्र सुरू झाले होते. मी पडद्याशेजारची माझी जागा सोडून मागे त्यांच्या बाकावर बसलो.

पडद्यावर चाके फिरत होती. ओकाबे साहेबांनी माझे मनगट धरले.

"मास्टर, ये पहला नहीं है."

मी यंत्राच्या खोलीकडे धावलो. रहीमभाईंच्या कपाळावर घाम होता.

"मास्तर, पोराईनं वाळूवर पानी मारलं अन् चुना धुऊन गेला. डब्ब्यावर लिवलेलं हाये, पन डब्बे तं रिकामे. हरेक पिक्चरमंधी पाटी येते न, भाग पहिला, भाग दुसरा. यात काईच नाई. मी अंदाजानं लावलं."

चूक आमच्या रांजणांची होती. दुसऱ्या कुठल्या गावात ती झाली नसती. फिल्मच्या टोकाला जपानी आकडा लिहिलेला असतो, हे ओकाबे साहेबांना ठाऊक होते, आणि तो वाचणारे अख्ख्या थिएटरात ते एकटे. पण तोवर कारखान्याचे अर्धे रीळ होऊन गेले होते. मी परत येऊन विचारले, "बंद करवाऊँ?"

त्यांनी लोकांकडे पाहिले. दिवे लागले असते तर निम्मे लोक उठले असते, हे मलाही दिसत होते. "चलने दो," ते म्हणाले.

पहिली काही मिनिटे वाईट गेली. अमरावतीच्या लोकांना वाटले मी आजारी आहे.

"मास्तरचा घसा बसला काय बे?"

"मास्तर मांगं बसून तमाशा पाहून राहिले."

"पैसे वापस करा न मंग, आमी आमचं बोलतो."

चारपाच जण उठले. मी त्यांच्याकडे पाहात होतो आणि ओकाबे साहेब माझ्याकडे. तेवढ्यात पडद्याच्या बाजूने, जिथे कनातीआड बायका बसत, तिथून गिरजाबाईचा आवाज आला. गिरजाबाई वलगावची माळीण. भाजी विकायला रोज अमरावतीला येई, आणि बैलगाडी उशिरा निघायची असली की चार बायका घेऊन थिएटरात बसे. मी तिच्याकडूनच भाजी घेत असे.

"चूप बसा न गा," ती म्हणाली. "थे बाई काई सांगून राहिली."

"कोनाले सांगून राहिली?" पुरुषांकडून कोणीतरी विचारले.

"मले."

लोक हसले, पण मग गप्प झाले. आणि थोड्या वेळाने सगळे थिएटर हलक्या आवाजात बोलू लागले. मोठ्याने नाही, शेजारी शेजाऱ्याला सांगत होता. उकळत्या पाण्यात हात दिसले तेव्हा एक बाई म्हणाली, "पोळत नसन काय वं तिले?" दुसरी म्हणाली, "सवय झाली असन. तुले चुलीची नाई झाली?" उलटा रस्ता आला तेव्हा कोणी ओरडले की यंत्र उलटे झाले, आणि त्याच्या शेजारचा म्हणाला, "यंत्र नाई बे. तिचं डोकं फिरलं."

"क्या बोलते हैं?" ओकाबे साहेबांनी विचारले.

मी सांगू लागलो. सगळा खेळभर मी त्यांच्या कानाशी लागून, लोक काय म्हणताहेत ते एकेक सांगत होतो. आपल्या पदरचे घालायचे नाही, हे त्या दिवशी मला फार जड गेले. शिव्याही सांगितल्या.

चौथे रीळ लागले ते समुद्राचे. ती पाण्यात जाऊ लागली तशी कुजबुज थांबली. पाणी तेवढे उरले. कोणीतरी म्हणाले, "गेली." मला वाटले आता लोक उठणार, कारण कोणालाही हा शेवटच वाटला असता. पण रहीमभाईंनी पुढचे रीळ लावले, आणि त्यात तिचा चेहरा आला, आणि मग सगळ्यात शेवटी जे रीळ आले ते खरे पहिले होते. कागदाच्या दारातून ऊन आले आहे. ती आईसमोर बसून भात खाते आहे. आई काही म्हणते, ती तोंडावर हात ठेवून हसते.

"आली वं घरी," गिरजाबाई म्हणाली.

"जेव बाई, जेव," दुसरी म्हणाली.

दिवे लागले. लोक नीट उठले, चपला शोधल्या, आणि घरी गेले. बाके शाबूत होती.

बाहेर आम्ही दोघे उभे राहिलो.

"लोग बैठे," ओकाबे साहेब म्हणाले.

"बैठे."

"मगर ये फुमी का पिक्चर नहीं था."

मी बाजारातला माणूस. एकाच्या गासडीचे वजन दुसऱ्याच्या नावावर गेले, तर आकडा चूक नसतो, तरी तो खोटा असतो. इथेही माप बरोबर होते आणि माल दुसरा होता. मी ते त्यांना तसेच सांगितले. म्हणालो, 'लोग बैठे' एवढेच लिहिलेत तर कोणी तुम्हाला खोटे म्हणणार नाही. पण ती त्यावर आयुष्याची पाच वर्षे ठेवणार आहे.

"तो क्या लिखूँ?"

"कल सुबह फिर दिखाओ. सीधा."

हे तोंडातून गेले आणि मी घाबरलो. दुसऱ्या दिवशी दुपारच्या गाडीने त्यांना निघायचे होते, म्हणजे सकाळखेरीज वेळ नाही. चैत्रातली सकाळ, पत्र्याचे छप्पर, आणि अंधारासाठी दारे बंद. त्या भट्टीत शहाणा माणूस फुकटही बसला नसता. आज बसलेले लोक उद्या उठून गेले असते, ते चित्रामुळे की उन्हामुळे, हे मी ओकाबे साहेबांना कसे सांगणार होतो? झोप आली नाही. उजाडताच शेठकडे गेलो. ते पूजेला बसले होते, घंटी वाजवता वाजवताच म्हणाले, "फुकट दाखवा. पन थेटर झाडून द्यान."

मग भाजीबाजारात गेलो. गिरजाबाईचा माल बराचसा उठला होता.

"बाई, कालचाच खेळ आज पुन्हा दाखवतो. पैसे नाहीत. येता काय?"

"तुमी बोलसान काय?"

"नाही."

"मंग येतो," ती म्हणाली. हे मला लागले, पण तिने वलगाव-भातकुलीच्या बायका, दोन फुलवाले आणि एक लसूणवाला असे सगळे गोळा करून आणले, म्हणून मी ते मनात ठेवले नाही.

रहीमभाई उन्हात यंत्र चालवायला तयार नव्हते. "पेटलं तं मी पयले मरन, मास्तर." शेवटी दारांवर ओली गोणपाटे टांगली, जमिनीवर पाणी मारले, यंत्राजवळ वाळूच्या बादल्या ठेवल्या. ओकाबे साहेबांनी कोट काढला, एकेक रीळ टोक उलगडून वाचले आणि आपल्या हाताने ओळीने लावून दिले. या वेळी भात खाणे आधी आले. मग कारखाना, चाके, उलटा रस्ता, चेहरा. मी ओकाबे साहेबांशेजारी बसलो. पाठीवरून घाम वाहात होता. प्रत्येक वेळी कोणी हलले की माझा जीव जाई. तिसऱ्या रिळाला एक फुलवाला उठला, त्याची फुले सुकत होती. चौथ्याला लसूणवाला गेला. लसूण सुकत नाही, म्हणून त्याचा मला राग आला.

बायका मात्र बसून होत्या. काल जितक्या बोलल्या तितक्या आज बोलत नव्हत्या. समुद्र आला. ती चालत गेली. पाणी उरले, आणि मग पडदा पांढरा झाला. रहीमभाईंनी यंत्र थांबवले, मी दारावरचे गोणपाट बाजूला केले. ऊन आत आले.

कोणी उठले नाही.

"झालं, बाई," मी म्हणालो.

"झालं कसं?" गिरजाबाई म्हणाली. "पुढचं लावा."

रहीमभाई खोलीतून म्हणाले, "खलास. सहाही झाले."

"खलास कसे? घरी येते न थे. काल आली होती."

"आज नाही येत," मी म्हणालो.

"मंग आमी बसतो," तिने सांगितले, आणि डोक्यावरचा पदर पुढे ओढून, पाय पोटाशी घेऊन नीट बसली. शेजारच्या बायकांनीही तसेच केले. एकीने मुलाला पाजायला घेतले. आत पत्रा तडतडत होता.

ओकाबे साहेबांनी विचारले, "क्या बोलती हैं?"

माझी जबाबदारी एका वाक्याची होती. मी म्हणालो, "पूछती हैं, वो वापस कब आएगी."

ते कोट हातात घेऊन उभे होते. त्यांनी त्या बायकांकडे पाहिले, मग पांढऱ्या पडद्याकडे, मग पुन्हा बायकांकडे. "सब बैठी हैं?"

"सब."

"मैं ऐसा ही लिखूँगा," ते म्हणाले. "बैठी हैं." दोन्ही खेळांचे लिहीन, रांजणांचेही लिहीन, असे त्यांनी मला कबूल केले, आणि ते तसे करणारे गृहस्थ होते. गाडीची वेळ होत आली तरी ते हलेनात. मीच त्यांना टांग्यात बसवले. बायका त्यानंतरही थोडा वेळ बसल्या होत्या. त्यांच्यामुळे मला झाडायला उशीर झाला आणि बाजारात बोलणी खावी लागली.

पुढचे थोडक्यात सांगतो. शेठने मला काढले नाही. लोक माझ्यावाचून बसतात हे त्यांना कळले होते, पण बसणाऱ्यांत पैसे देणारे कमी होते, असा त्यांनी हिशेब केला. मला काढले ते बोलपटांनी, आणि त्यांनी कोणालाच विचारले नाही. ओकाबे साहेब आणखी काही हंगाम येत राहिले. मग येईनासे झाले, मग युद्ध झाले. ते कुठे आहेत, त्यांचे गाव उरले आहे की नाही, मला ठाऊक नाही. वर्तमानपत्रात त्या देशातल्या बॉम्ब पडलेल्या गावांची नावे येत, तेव्हा मी ती वाचून काढी आणि त्यांचे गाव नाही असे पाहून वर्तमानपत्र घडी करून ठेवी. एखाद्या दिवशी त्या नावांत त्यांचे गाव नसल्याची खात्री होत नसे, कारण गावाचे नाव मी एकदाच ऐकले होते.

पण त्या चित्रानंतरच्या दिवाळीला ते आले होते. बाजारात मला शोधून काढले. फुमीने कराराचा कागद सही न करता परत पाठवला होता. तिचे दुसरे चित्र चालू होते, त्यातही अक्षर नव्हते. पैसे नव्हतेच, दिवसा ती शिवणकाम करीत होती. मला आनंद झाला, आणि लगेच काळजीही वाटली, कारण पाच वर्षांचा पगार सोडणे म्हणजे काय हे घरसंसारी माणसाला कळते. ती उपाशी राहिली तर त्यात माझाही वाटा होता. मी हे बोलून दाखवले. ओकाबे साहेब हसले नाहीत. "मैं भी यही सोचता हूँ," ते म्हणाले.

अमरावतीच्या बायकांसाठी तिने एक निरोप दिला होता. तो त्यांनी मला दोनदा सांगितला, म्हणजे माझ्याकडून चूक होऊ नये.

मी संध्याकाळी भाजीबाजारात गेलो. गिरजाबाई वांगी मोजून देत होती. गिऱ्हाईक गेल्यावर मी म्हणालो, "बाई, त्या खेळातल्या बाईने तुम्हाला निरोप पाठवला आहे. जपानातून."

"मले?" तिने हात पदराला पुसले. "काय म्हनते?"

"म्हणते, ती परत येत नाही. पाण्यात गेली ती गेली. पण तुम्ही बसलात, हे तिला फार बरे वाटले."

गिरजाबाईने थोडा विचार केला. मग माझ्या पिशवीत वांगी टाकू लागली.

"तिले काय मालूम, मास्तर," ती म्हणाली. "तिनं तं पुरं पाह्यलंच नाई."